गोंदूरच्या सुताराचा माणूस

सुरत-धुळे महामार्गावर विसरवाडीहून पूर्वेला निघाले की कोंडाईबारीचा घाट लागतो. पुढे दहिवेल, साक्री, नेर, कुसुंबा आणि धुळे. धुळ्याला लागूनच गोंदूर आहे. विमानांच्या धावपट्टीमुळे हे नाव आता थोडेफार कानावरून जाते. राम वनजी सुतार यांचा जन्म या गोंदुरातला, १९ फेब्रुवारी १९२५ चा. विसरवाडीहून उत्तरेला वळून नंदुरबार, तळोदा, अक्कलकुवा मागे टाकले आणि गुजरातेत सागबारा-डेडियापाड्याच्या वाटेला लागले, की दिवस कलायच्या आत केवडिया गाठता येते. तिथे त्यांनी घडवलेला सरदार पटेलांचा १८२ मीटरचा पुतळा उभा आहे. मूर्तिकाराचे जन्मगाव आपल्या एका अंगाला, त्याचे सर्वांत उंच काम दुसऱ्या अंगाला, आणि मध्ये आपण. तरी आपल्या पोरांना पुतळ्याची उंची तोंडपाठ असते आणि तो करणाऱ्याचे गाव मात्र ठाऊक नसते.

१७ डिसेंबर २०२५ रोजी नोएडात ते गेले तेव्हा त्यांची शंभरी उलटून गेली होती. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रांनी उंच्या छापल्या, सन्मान छापले: १९९९ चे पद्मश्री, २०१६ चे पद्मभूषण, २०२४ चा महाराष्ट्र भूषण. ते सगळे खरे आणि मानाचे. पण पुढची छायाचित्रे आणि टिपणे एकत्र केली ती त्यासाठी नाहीत. सत्तर वर्षांहून अधिक काळ एका माणसाने एकच विषय हातात धरला, मानवी देह. आणि तो माती, प्लास्टर, दगड, काँक्रीट, ब्राँझ अशा सगळ्यांतून काढून पाहिला. द्रव्य बदलले की त्यातला माणूस बदलतो का, बदलला तर किती, आणि कोणाच्या मर्जीने? हा प्रश्न ज्याला पडतो त्याच्यासाठी ही पाने आहेत.

तो प्रश्न आमच्या भागातल्या मुलांना पडतो, फक्त ती तो वेगळ्या तऱ्हेने विचारतात. एलिमेंटरी आणि इंटरमिजिएटच्या परीक्षांना इथली पुष्कळ मुले बसतात. दहावीला वाढीव गुण मिळतात हे त्यामागचे एक कारण, नाकारण्यात अर्थ नाही. स्थिरचित्रातला तांब्या आणि वांगी जमतात. नक्षीकाम तर सुरेख जमते. घोडे अडते ते स्मरणचित्रात. ‘आठवडे बाजार’ असा विषय आला की झाडे, पाले, टोपल्या, बैलगाडी असे सगळे भराभर उतरते आणि माणसांच्या जागा शेवटपर्यंत कोऱ्या राहतात. मग घंटा व्हायच्या आधी पाठमोऱ्या बायका काढल्या जातात, कारण पदराखाली हात लपवता येतात आणि तोंड काढावे लागत नाही. “सर, माणूस येत नाही,” हे वाक्य चित्रकला शिकवणाऱ्या प्रत्येकाने ऐकलेले आहे.

याच मुलांच्या घरात आणि गावात मात्र माणसाचे रूप जागोजागी आहे, आणि ते करणाऱ्यांपैकी कोणालाही “येत नाही” असे वाटलेले नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, खान्देशात गौराई मांडतात, ती लाकडाची. ती घडवणारा सुतार मापे घेत नाही. डोके, खांदे, जरा आत घेतलेली कंबर, एवढ्यावर बाई उभी राहते. उरलेले काम हार, कुंकू आणि गाणी करतात. नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई बसते, तिचा तर मुळात नारळच. त्याला डोळे लावतात, नथ घालतात, कुंकू रेखतात, साडीचोळी करतात, आणि ज्या नारळाला काल कोणी वाणसामानात धरले असते त्याच्यासमोर आज रोटांचा नैवेद्य ठेवून अख्खे भाऊबंद हात जोडून उभे राहतात. जरा जवळून पाहिले तर ध्यानात येते की नारळाचा गोलवा कोणी बदललेला नाही. तासलेला नाही, कोरलेला नाही. चेहऱ्याच्या जागा तेवढ्या अचूक हेरल्या आहेत: नथ जरा डावीकडे, डोळे जरा मोठे आणि समोर पाहणारे. या तीन-चार खुणांवर नारळ बाई होतो. देवघरातले टाक घ्या. चांदीचा बोटभर पत्रा, ठशावर ठोकून काढलेला घोडेस्वार. तो आजोबा की पणजोबा हे त्या पत्र्यावर कुठेही लिहिलेले नसते. घरच्यांना ते माहीत असते, तेवढे पुरते.

डोंगरपट्ट्यात आणखी पुढची गोष्ट आहे. कोकणा आणि भिल्ल वस्त्यांत मेलेल्या माणसासाठी लाकडी फळी किंवा खांब उभा करायची रीत आहे. वर सूर्य आणि चंद्र, खाली घोड्यावर बसलेला माणूस. माणूस हयातीत घोड्यावर कधी बसला नसला तरी चालते. आणि सातपुड्यातल्या होळीला, काठीच्या राजवाडी होळीला सुद्धा, बुध्या होणारा गडी लाकूड, पत्रा काहीच मागत नाही. अंगभर राखेचे आणि रंगाचे ठिपके, कमरेला सुकलेले भोपळे आणि घुंगरे, डोक्यावर मोरपिसांचा उंच टोप. त्याने माणसाचे रूप माणसाच्या अंगावरच काढलेले असते. माध्यमांचे प्रयोग म्हणून शहरातल्या कलादालनांत जे मांडतात त्यातले बरेचसे मला यापुढे भिडस्त वाटते.

राम सुतारांचे घर या जगातले, सुतारकामाचे. पण त्यांची वाट वेगळी निघाली. श्रीराम कृष्ण जोशी या गुरूंनी त्यांचा हात ओळखला आणि मुंबईच्या सर ज. जी. कला महाविद्यालयाचा रस्ता दाखवला. तिथले शिक्षण हे सादृश्याचे शिक्षण होते. समोर जिवंत माणूस बसवायचा आणि हाडे कुठे वर येतात, स्नायू कुठे ताणतो, वजन कोणत्या पायावर आहे हे बघत बघत तो मातीत उतरवायचा. चेहरा त्या माणसाचाच आला पाहिजे, दुसऱ्याचा चालत नाही. याच शाळेत गणपतराव म्हात्रे यांनी १८९६ मध्ये, विशीही न ओलांडलेल्या वयात, ‘मंदिरपथगामिनी’ प्लास्टरमध्ये केली होती. नऊवारी नेसून देवळाकडे निघालेली तरुणी. लुगड्याच्या चुण्यांतूनच तिचे चालणे कळते. प्लास्टरसारखे ठिसूळ, सामान्य द्रव्य, पण पुढच्या कितीतरी मराठी मूर्तिकारांनी मापदंड मानला तो याच कामाला. विनायक पांडुरंग करमरकरांनी पुण्यातला अश्वारूढ शिवाजी १९२८ मध्ये ब्राँझमध्ये उभा केला, आणि अलिबागजवळच्या सासवण्यात, आपल्या घराच्या अंगणात, शेजारपाजारची कष्टाची माणसे आणि गुरे चक्क सिमेंटमध्ये घडवली. बाळाजी तालीम यांच्या शिर्डीतल्या साईबाबांच्या संगमरवरी मूर्तीपुढे १९५४ पासून लोक डोके टेकवत आहेत. राजाला ब्राँझ, देवाला संगमरवर, कष्टकऱ्याला सिमेंट: द्रव्यांचीही एक उतरंड आपल्याकडे चालत आली आहे, आणि सासवण्याला जाऊन आल्यावर ती उलटी लावावीशी वाटते. सुतार आले ते या परंपरेत, १९५३ चे मेयो पदक घेऊन.

यानंतरची चार वर्षे मला त्यांच्या घडणीत फार मोलाची वाटतात, जरी त्यांचा उल्लेख बहुधा एका ओळीत आटोपतात. १९५४ ते १९५८ ते पुरातत्त्व खात्यात होते आणि अजिंठा-वेरूळच्या झिजलेल्या, तुटलेल्या शिल्पांच्या दुरुस्तीचे काम करत होते. माती लावून घडवायला शिकलेल्या माणसाला दगडासमोर उभे राहावे लागले, यात सगळे आले. मातीत चुकले तर काढून परत लावता येते. दगडात फक्त काढता येते. नाकाचा शेंडा एकदा उडाला की सगळा चेहरा मागे घ्यावा लागतो. कैलास लेणे वरून खाली खोदत आणले आहे, म्हणजे कळसाच्या वेळीच पायथ्याचा हिशेब पक्का लागतो. अजिंठ्याच्या भिंतींवर तर दगडही नाही: माती, भाताचा कोंडा आणि काड्या यांचा लेप, वर चुन्याचा पातळ थर, आणि त्यावर रंगाने फुगवलेले खांदे, झुकलेल्या पापण्या. एकाच डोंगरकुशीत दगडातला देह आणि लेपावरचा देह एकमेकांशेजारी आहेत. दुसऱ्याच्या हाताने हजार वर्षांपूर्वी सुरू केलेला दंड कोपरापासून पुढे जुळवायचा, तर स्वतःची शैली खुंटीला टांगावी लागते. तरुणपणी असे काम नशिबी आले म्हणून पुढे सुतारांना कोणत्याही द्रव्याची धास्ती वाटली नसावी, असे आपले मला वाटते.

या पानांतली बहुतेक कामे ब्राँझची आहेत, म्हणून ब्राँझचा पुतळा कसा होतो ते इथेच सांगून टाकतो. पुढे छायाचित्रे पाहताना उपयोगी पडेल. सुरुवात मातीपासून. शाडू किंवा चिकणमाती भाकरीच्या पिठासारखी मळून घेतात, पण कितीही चांगली मळली तरी ती स्वतःच्या वजनाने खाली बसते. म्हणून आत लोखंडी सळ्यांचा सांगाडा, आणि सांगाड्याला तारेने टांगलेल्या लाकडी फुल्या, ज्यांच्यावर मातीचा भार पडावा. पुतळा कसा उभा राहणार हे इथेच, माती लावायच्या आधी, ठरते. सांगाड्यात कंबर सरळ असेल तर वर कितीही कौशल्य ओतले तरी माणूस खांबासारखा ताठ दिसणार. मग माती चढवायची, लांबून पाहायचे, परत चढवायची. काम पुरे होईस्तोवर ओले फडके गुंडाळून ती ओली ठेवायची. पुरे झाले की वरून प्लास्टरचा साचा घेतात आणि तो उकलताना आतली माती मोडते. ज्या मातीवर महिनोन्महिने हात फिरला ती पुन्हा ढिगाऱ्यात जाते. मूर्तिकाराचा अस्सल हात जिच्यावर होता ती वस्तू जगात राहतच नाही. साच्यातून प्लास्टरची प्रत, तिच्यावरून पुन्हा साचा, आतून मेणाचा सारखा थर, आत-बाहेर उष्णता सोसणारा लेप. भट्टीत मेण वितळून वाहून जाते आणि त्याने सोडलेल्या पोकळीत एक हजार अंशांहून अधिक तापलेला ब्राँझचा रस ओततात. मोठा पुतळा तुकड्यातुकड्यांनी ओतायचा, वेल्डिंगने जोडायचा, सांधे घासायचे, शेवटी आम्ल आणि आचेने रंग आणायचा. इतक्या हातांतून गेल्यावरही पुतळ्याच्या गालावर अंगठ्याने दाबलेल्या मातीचा ठसा दिसला, तर ओतकाम करणारे कसबी होते असे समजावे. त्यांची नावे चौथऱ्यावरच्या फरशीवर कधी येत नाहीत, ही आपली जुनी खोड.

आता चंबळ. या संग्रहातली सर्वाधिक पाने मी आग्रहाने या एका कामाला ठेवायला लावली. मध्य प्रदेशात चंबळ नदीवरचे गांधीसागर धरण १९६० मध्ये पुरे झाले. त्या धरणावर सुतारांनी ४५ फुटांची चंबळमाता उभी केली. सोबत दोन मुले, एक मध्य प्रदेश आणि एक राजस्थान. नदीचे पाणी दोन राज्यांनी वाटून घ्यायचे होते, म्हणून भांडू नयेत अशी दोन भावंडे. कल्पना म्हणून ही साधी, सरकारी वाटावी अशी. थोर आहे ती तिची घडण. धरणाच्या कामावर जे द्रव्य ढिगाने पडलेले असते तेच त्यांनी घेतले, काँक्रीट. आणि त्याचा अवजड ठोकळा छिन्नी-हातोड्याने कोरून त्यातून आई आणि लेकरे बाहेर काढली.

ज्याने कधी घराच्या भिंतीत खिळ्यासाठी भोक पाडले आहे त्याला यातली अडचण कळेल. लाकडाला रेषा असते, ती सांभाळली की लाकूड ऐकते. दगडाला थर असतात, पाथरवट ठोका मारून आवाजावरून ते ओळखतो. काँक्रीटला रेषाही नाही आणि थरही नाही. सिमेंट एका जागी मऊ लागते, पुढच्या घावाला आतली खडी आडवी येते, आणि कपचा कुठून उडेल याचा भरवसा नाही. बारीक बोटे, पातळ ओठ, पापणीची कड असले काही तिथे मागू नये. मोठे भाग, सरळ उतरणारे पृष्ठभाग आणि त्यांच्यामध्ये खोल सावली, एवढेच ते द्रव्य देते. सुतारांनी त्याच्याकडे तेवढेच मागितले. म्हणून ती बाई कोणा एका बाईसारखी दिसत नाही. ज. जी. मधल्या सादृश्याच्या शिस्तीतून आलेला हा मूर्तिकार या एका कामात आखाजीच्या गौराईच्या सगळ्यांत जवळ गेला आहे, असे माझे मत आहे. लाकडाची जागा काँक्रीटने घेतली, सुताराचा पोर मात्र सुतारासारखाच वागला: जे द्रव्य आहे त्याच्या कलाने.

पंडित नेहरूंना हे काम आवडले आणि भाक्रा धरणावर मजुरांचे ५० फुटी ब्राँझ स्मारक करायचे ठरले. पैशांअभावी ते झाले नाही. धरण बांधणाऱ्या हातांचे तेवढे मोठे शिल्प या देशात उभे राहिले असते तर पुढच्या साठ वर्षांत पुतळ्यांचा इतिहास कदाचित जरा निराळा झाला असता. निदान चौकाचौकांत मानेवरचा भाग सोडून हात, पाठ, पोटऱ्या यांनाही किंमत आली असती. प्रत्यक्षात सुतारांच्या वाट्याला आले ते नेते. अमृतसरचा महाराजा रणजितसिंग, दिल्लीतले पंत, आझाद, जगजीवन राम. आणि सगळ्यांत जास्त वेळा गांधी.

गांधींचा अर्धपुतळा त्यांनी इतक्यांदा केला, आणि तो जगातल्या इतक्या देशांत गेला, की गांधी म्हणजे असेच, हे अनेकांच्या डोळ्यांत सुतारांच्या हातूनच ठरले आहे. मिटल्यासारखे डोळे, खाली झुकलेली मान. संसदेच्या आवारातला बसलेला गांधी १६ फुटांचा, २ ऑक्टोबर १९९३ रोजी तेव्हाचे राष्ट्रपती शंकर दयाळ शर्मा यांनी त्याचे अनावरण केले. पुढची कितीतरी वर्षे खासदार निषेधाला त्याच्या पायाशी येऊन बसत राहिले, त्यामुळे टीव्हीवर तो आपण हजार वेळा पाहिला आहे आणि एकदाही नीट पाहिलेला नाही. एकदा आवाज बंद करून पाहावा. पालथे-उताणे हात, मांडीची घडी, पुढे किंचित कललेले धड यांत चेहऱ्याइतकेच सांगितलेले आहे. बसण्यातले वजन ब्राँझला चांगले पेलते. उगारलेला हात आणि फडकणारे उपरणे पेलणेही जमते, पण ते बहुधा नाटकी होते. कुरुक्षेत्राच्या ब्रह्मसरोवरावरचा कृष्णार्जुनाचा रथ पाहा आणि हा गांधी पाहा. त्या रथात सगळे कसब आहे. मला परत पाहावासा वाटतो तो गांधी.

केवडियाच्या पुतळ्याबद्दल मी जरा हात राखून लिहिणार आहे. तो माणसाच्या रूपाचा प्रश्न आहे तसा इमारतीचाही आहे. कोणतीही उंच इमारत खाली रुंद आणि वर निमुळती असते. चालता माणूस नेमका याच्या उलट: घोटे बारीक, छाती आणि खांदे रुंद, आणि दोन पायांच्या मध्ये फट. सरदारांना धोतर-चपलेत चालते दाखवायचे म्हटल्यावर १८२ मीटरचा सगळा भार घोट्यांवर आला. त्यासाठी पायांतून वर जाणारे काँक्रीटचे दोन मनोरे उभारले, ज्यांतून आता लिफ्ट जातात; भोवती पोलादी सांगाडा आणि त्यावर ब्राँझचे पत्रे. वाऱ्याने हेलकावे बसू नयेत म्हणून आत अडीचशे टनांची दोन वजने टांगली आहेत. सुतार आणि त्यांचे चिरंजीव अनिल यांनी आधी लहान प्रतिकृती केली, मग ३० फुटी. तिचे संगणकावर मोजमाप घेऊन शेकडो भाग पाडले आणि एवढ्या आकाराचे ब्राँझ ओतणारी भट्टी आपल्याकडे नसल्याने ते चीनमध्ये ओतून आणले. ३१ ऑक्टोबर २०१८ रोजी त्याचे उद्घाटन झाले.

यात मूर्तिकाराचा हात कुठे उरला? माझ्या मते चेहऱ्यात उरला, आणि पायांच्या बोटांत उरला, जी लोकांना जवळून पाहता येतात. मधले शंभर मीटर ही अभियंत्यांची करामत आहे, आणि ती थक्क करणारी आहे. फक्त तिला सुतारांच्या सगळ्या कामांचे शिखर म्हणताना मीटरची फूटपट्टी लावू नये. नव्वदीच्या आसपासचा माणूस हे काम अंगावर घेतो, यातली जिद्द मात्र कोणत्याही मापात बसत नाही.

नंदुरबारच्या वाचकाला त्या पुतळ्याकडे पाहताना धरणामागचे पाणीही दिसते, त्याला इलाज नाही. सरदार सरोवराच्या फुगवट्याखाली महाराष्ट्राची ३३ गावे गेली. ती सगळी आपल्या जिल्ह्यातली, अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली. त्यांतल्या पूर्वजांच्या लाकडी खुणा, गावदेवाच्या जागा, होळीचे माळ हेही माणसाच्या रूपाचेच संग्रहालय होते. मूर्तिकाराला त्याचा जाब विचारण्यात शहाणपण नाही. पण या भागात बसून या विषयाची प्रस्तावना लिहिणाऱ्याने ते न लिहिणे बरे दिसणार नाही.

उरला तो चेहऱ्याचा प्रश्न. सुतारांनी द्रव्ये बदलली, मापे बदलली, पण एक चंबळ सोडली तर सादृश्य कधी सोडले नाही. फोटो समोर ठेवून, ओळखीच्यांना विचारून, माणूस तोच आला पाहिजे हा त्यांचा नेम. शहरी, लिहित्या, फोटो काढून घेतलेल्या माणसांसाठी तो नेम चालतो. १८५७ च्या उठावात सेंधव्याच्या घाटापासून सातपुड्यापर्यंत इंग्रजांना घोर लावणारा खाज्या नाईक, किंवा १८५८ च्या अंबापाणीच्या लढाईत पडलेले भिल्ल स्त्री-पुरुष, यांचे फोटो कोणी काढले? त्यांचे पुतळे करायचे तर चेहरा कुठून आणायचा? सध्या आपल्याकडे त्यावर एक सोपा तोडगा निघालेला आहे: फायबरचा तयार साचा, पिळदार दंड, ताणलेले धनुष्य, ठरलेल्या मिशा आणि वरून ब्राँझचा रंग मारलेला. एका तालुक्यात तो एक नायक असतो, दुसऱ्यात नाव बदलून दुसरा. फायबरला मी नावे ठेवत नाही. ते हलके आहे, स्वस्त आहे, आणि गावच्या वर्गणीत बसते. पण ब्राँझचे सोंग घेतलेले फायबर आणि कोणा दुसऱ्याच्या शरीराचे सोंग घेतलेला आपला पूर्वज, अशी दोन खोटी एकाच चौथऱ्यावर उभी राहतात.

त्याच गावाच्या शिवेवर, सूर्य-चंद्राखाली घोड्यावर बसलेल्या लाकडी माणसाला मात्र चेहऱ्यावाचून कधी अडले नाही. तो कोण, हे गाव सांगते. त्याचे रूप सादृश्यावर चालत नाही, खुणेवर चालते. या दोन वाटा एकमेकींना कमी लेखत आल्या आहेत: कलाशाळेला लाकडी खांब हे ‘लोककला’ या खणात टाकायचे काहीतरी वाटते, आणि गावाला वाटते की शहरातून आणलेला तुळतुळीत पुतळा म्हणजेच खरी मूर्ती. पालघरचे वारली चित्रकार जिव्या सोमा मशे तांदळाच्या पिठीने दोन त्रिकोण टोकाला टोक जोडून जो माणूस काढत, त्यात कंबरेची लवचिकता आणि कष्टाचे वाकणे किती नेमके आहे हे कळायला आपल्याला विसावे शतक निम्म्याच्या वर उलटावे लागले. खाज्या नाईकाचे स्मारक कोणी चंबळसारखे करील का, जिथे द्रव्याचा कल आणि गावची खूण एकत्र येतात आणि चेहऱ्याची उसनवारी करावी लागत नाही? असे काम अजून माझ्या पाहण्यात नाही.

पानांच्या मांडणीविषयी थोडे. छायाचित्रे काळाच्या क्रमाने लावलेली नाहीत, द्रव्याच्या क्रमाने लावली आहेत: आधी माती आणि प्लास्टर, मग दगड, काँक्रीट, ब्राँझ, शेवटी पोलाद आणि पत्रा. प्रत्येक विभागाच्या आधी त्याच द्रव्यातले आपल्या भागातले एखादे काम ठेवले आहे. मातीपुढे भादव्यात मुली मांडतात ती गुलाबाई, धातूपुढे टाक, काँक्रीटपुढे, दुसरे काही सापडेना म्हणून, लाकडी गौराई. काही वाचकांना या शेजारणी विजोड वाटतील. वाटू द्यावे, पाने उलटसुलट चाळून पाहावीत. पुतळ्यांची छायाचित्रे शक्य तिथे बाजूने आणि मागून घेतलेली निवडली आहेत, कारण समोरून पाहिले की आपण चेहरा ओळखतो आणि पाहणे थांबवतो. गांधींची पाठ, रणजितसिंगाच्या घोड्याचा मागचा पाय, सरदारांची पावले यांच्याकडे वेळ काढून बघा.

परीक्षेला बसणाऱ्यांसाठी एक सूचना, गुणांच्या हिशेबाने सुद्धा कामाची. स्मरणचित्रातल्या माणसांना तोंडापासून सुरुवात करू नका. सांगाडा आधी, फुल्या आधी: वजन कोणत्या पायावर आहे, खांद्यांची रेघ कुठे कलली आहे, डोक्यावरच्या हाऱ्याने मान किती आत गेली आहे. विसरवाडीच्या बाजारात घटकाभर थांबलात तर मोळी उतरवणारी, तराजू धरणारी, उकिडवी बसून मिरच्या निवडणारी माणसे फुकट दिसतात, आणि त्यांतले कोणीही तुमच्यासाठी ताठ उभे राहत नाही. कोळशाने काढा, मातीत करा, उरलेल्या पत्र्याचे कापा. पोळ्याला बैल करता तीच माती पुरते. बैल गावातल्या प्रत्येक पोराला येतो. त्याच्या मागे चालणारा गडी त्याच मातीत, त्याच दिवशी करून बघायला हरकत नाही.